रोग एक, घरे दोन

शाळेच्या ग्रंथालयात नवी पुस्तके आली, की ती कोणत्या कपाटात लावायची हा प्रश्न पडतो. मराठ्यांच्या आरमारावरचे पुस्तक इतिहासात ठेवायचे, की जहाजबांधणीत? पुस्तक एक, जागा दोन. पण प्रत एकच असल्याने ती एकाच ठिकाणी लागते. मग दुसऱ्या कपाटाशी शोधणाऱ्याला ती सापडत नाही. ग्रंथपाल यावर तोडगा काढतात. पुस्तक एका कपाटात आणि दुसऱ्या विषयाखाली एक चिठ्ठी: 'तिकडे पाहा'.

रोगांच्या बाबतीतही नेमका हाच प्रश्न उभा राहतो. समजा, पन्नाशीच्या एका गृहस्थांचा रक्तदाब बरीच वर्षे वाढलेला आहे आणि त्यामुळे त्यांच्या डोळ्याच्या पडद्यावरील रक्तवाहिन्या बिघडल्या आहेत. दवाखान्याच्या नोंदवहीत हा रोग कोठे लिहायचा? डोळ्याच्या रोगांत, की रक्ताभिसरणाच्या? प्रश्न कारकुनी वाटतो, पण तसा तो नाही. देशात रक्तदाबाचे रुग्ण किती, अंधत्वाची कारणे कोणती, औषधे कोठे आणि किती पाठवायची, हे सारे अशा नोंदींच्या बेरजेवरूनच ठरते. नोंद चुकीच्या घरात गेली, की बेरीज चुकते. म्हणून या घरांची रचना कशी आहे, ती कोणी केली आणि तिच्यात उणीव कोठे राहते, हे समजून घेऊ.

डोळ्यात दिसणारा रक्तदाब

प्रथम रोगाविषयी. आपल्या शरीरातील रक्तवाहिन्या त्वचेखाली, स्नायूंत, अवयवांत दडलेल्या असतात. त्यांच्यातील बारीकसारीक बदल काहीही न कापता, थेट पाहता येतील अशी एकच सोयीची जागा आहे. ती म्हणजे डोळ्याचा मागचा पडदा, अर्थात दृष्टिपटल. बाहुलीतून आत प्रकाश टाकून आपण तो पाहू शकतो. यासाठी लागणारे साधे उपकरण जर्मन शास्त्रज्ञ हेर्मान फॉन हेल्महोल्ट्झ यांनी तयार केले व १८५१ मध्ये त्याची माहिती प्रसिद्ध केली. गंमत अशी, की तेव्हा रक्तदाब मोजण्याचे सोपे साधनच नव्हते. दंडाला पट्टा बांधून दाब मोजण्याची रिव्हा-रोची यांची पद्धत १८९६ मधली, आणि स्टेथोस्कोपने आवाज ऐकून वरचा-खालचा दाब ठरवण्याची कोरोत्कोव्ह यांची रीत १९०५ मधली. म्हणजे रक्तदाबाचे डोळ्यातील परिणाम वैद्यांनी आधी पाहिले आणि रक्तदाब नंतर मोजला!

हे परिणाम कोणते? दाब वाढला, की दृष्टिपटलातील बारीक रोहिण्या आकसतात. दाब वर्षानुवर्षे तसाच राहिला, तर त्यांच्या भिंती जाड व ताठ होतात. निरोगी रोहिणीची भिंत पारदर्शक असते, म्हणून आपल्याला आतल्या रक्ताचा लाल रंग दिसतो. भिंत जाड झाली, की तिच्यावरून परावर्तित होणारा प्रकाश वाढतो आणि वाहिनी आधी तांब्याच्या व पुढे चांदीच्या तारेसारखी दिसू लागते. दृष्टिपटलात रोहिणी आणि नीला जेथे एकमेकींना ओलांडतात, तेथे त्या दोघींभोवती मिळून एकच वेष्टन असते. रोहिणी ताठ झाली, की तिच्याखालची मऊ नीला चेपली जाते. ही खूण इंग्लंडमधील नेत्रतज्ज्ञ मार्कस गन यांनी १८९० च्या दशकात वर्णन केली. तिला त्यांचेच नाव आहे.

याच्याही पुढे रोग गेला, तर वाहिन्यांच्या भिंतींतून रक्त व द्रव झिरपतो. ज्योतीच्या आकाराचे रक्ताचे ठिपके दिसतात. रक्तपुरवठा तुटलेल्या जागी कापसाच्या बोळ्यासारखे पांढुरके डाग उमटतात. शेवटच्या पायरीवर दृष्टिचेता जेथून डोळ्याबाहेर पडते ती चकतीच सुजते. या पायऱ्यांचा अर्थ किती गंभीर आहे, हे १९३९ मध्ये अमेरिकेतील कीथ, वॅगनर व बार्कर यांनी दाखवले. त्यांनी रुग्णांचे दृष्टिपटलावरून चार गट पाडले. पहिल्या गटातील सुमारे ७० टक्के रुग्ण तीन वर्षांनंतर हयात होते. चौथ्या गटातील फक्त ६ टक्के. तेव्हा रक्तदाबावर परिणामकारक औषधे नव्हती, आज ती आहेत. म्हणूनच रोग वेळीच कळण्याला आज अधिक महत्त्व आहे. या सगळ्या प्रवासात रुग्णाला बहुधा काहीच जाणवत नाही. डोळा दुखत नाही, लाल होत नाही. दिसणे कमी होते ते फार उशिरा.

याद्यांची सुरुवात

आता घरांकडे वळू. लोक कशाने मरतात याची मोजदाद करण्याचा पहिला गाजलेला प्रयत्न लंडनच्या जॉन ग्राँट या व्यापाऱ्याचा. शहरातील मृत्यूंच्या साप्ताहिक याद्या तपासून त्यांनी १६६२ मध्ये पुस्तक लिहिले. त्या याद्यांत मृत्यूचे कारण म्हणून 'दात', 'दुःख' अशा नोंदीही आढळतात. 'दात' म्हणजे दात येण्याच्या वयातील तान्ह्या मुलांचे मृत्यू. कारण आणि वय यांची ही सरमिसळ होती.

ही सरमिसळ दूर करण्याचे काम एकोणिसाव्या शतकात विल्यम फार यांनी हाती घेतले. इंग्लंडमध्ये १८३७ पासून जन्म-मृत्यूंची सरकारी नोंदणी सुरू झाली होती आणि तिच्या आकडेवारीची जबाबदारी त्यांच्याकडे होती. एकाच रोगाला तीन-चार नावे आणि एकाच नावाखाली तीन-चार रोग, अशी स्थिती असताना आकड्यांना अर्थ राहत नाही, हे त्यांनी ओळखले. १८५३ मध्ये ब्रुसेल्स येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषदेने सर्व देशांना चालेल अशी यादी करण्याचे काम फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पिन यांच्यावर सोपवले. फार यांची मांडणी अशी: साथीचे रोग, सर्व शरीराला व्यापणारे रोग, एकेका अवयवाचे रोग, वाढीशी संबंधित विकार आणि अपघात-इजा. ही चौकट आजच्या यादीतही ओळखू येते.

लक्षात घ्या, की आपल्या प्रश्नाचे मूळ येथेच आहे. या मांडणीत दोन निकष एकत्र आले आहेत. काही रोग कारणानुसार लावलेले आहेत आणि काही जागेनुसार. ज्या रोगाचे कारण एकीकडे आणि जागा दुसरीकडे, तो कोणत्या ओळीत बसवायचा?

पुढे १८९३ मध्ये शिकागो येथे पॅरिसचे सांख्यिकीतज्ज्ञ जाक बर्तियाँ यांनी नवी यादी मांडली आणि ती अनेक देशांनी स्वीकारली. (गुन्हेगार ओळखण्यासाठी शरीराची मापे घेण्याची पद्धत काढणारे आल्फाँस बर्तियाँ हे त्यांचे भाऊ. वर्गीकरण या घराण्यात रुजलेलेच होते.) १९०० मध्ये तिची पहिली आंतरराष्ट्रीय सुधारणा झाली आणि पुढे साधारण दहा-दहा वर्षांनी ती सुधारत गेली. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले. त्याच आवृत्तीत मृत्यूच्या कारणांबरोबर जिवंत रुग्णांच्या आजारांचाही समावेश झाला. हीच ती रोगांची आंतरराष्ट्रीय वर्गीकरण यादी, म्हणजे आयसीडी. तिच्या दहाव्या आवृत्तीला १९९० मध्ये मान्यता मिळाली.

संकेतांकाची घडण

दहाव्या आवृत्तीतील प्रत्येक संकेतांकाच्या सुरुवातीला एक रोमन अक्षर, त्यापुढे दोन अंक आणि बहुतेक ठिकाणी टिंबानंतर आणखी एक अंक असतो. डोळ्याच्या रोगांचे प्रकरण एच ०० ते एच ५९, रक्ताभिसरणाच्या रोगांचे आय ०० ते आय ९९. आपल्या ओळखीची काही घरे पाहा:

एच १० – डोळे येणे
एच २५ – म्हातारपणचा मोतीबिंदू
एच ४० – काचबिंदू
एच ५२.१ – लांबचे न दिसणे (लघुदृष्टी)
एच ५२.४ – चाळिशी
आय १० – कारण न सापडणारा, म्हणजे प्राथमिक उच्च रक्तदाब
आय १५ – दुसऱ्या रोगामुळे उद्भवलेला उच्च रक्तदाब

टिंबानंतरचे ८ आणि ९ हे अंक बहुधा राखीव असतात. ८ म्हणजे 'इतर, पण नाव माहीत आहे'. ९ म्हणजे 'तपशील दिलेला नाही'. ही दोन घरे वरवर पाहता अडगळीची, पण त्यांच्याशिवाय वर्गीकरण पुरे होत नाही. प्रत्येक रोगाला एक घर हवे आणि एकच हवे, हा वर्गीकरणाचा पहिला नियम आहे. गणितात संचाचे विभाजन शिकवताना आपण हेच सांगतो: उपसंचांत सामाईक घटक नसावा आणि सर्वांचा संयोग मूळ संच असावा.

एक शब्द, अनेक घरे

आता 'दाब वाढला आहे' हे वाक्य घ्या. ते कोणत्या घरात जाईल? एखाद्या वेळी मोजला तेव्हा दाब जास्त आढळला, पण रोगाचे निदान झालेले नाही, तर ती केवळ एक खूण आहे. तिचे घर आर ०३.०. पुन्हा पुन्हा मोजून तो १४०/९० किंवा त्याहून जास्त राहतो आणि डॉक्टरांनी उच्च रक्तदाबाचे निदान केले, तर आय १०. गर्भारपणात रक्तदाब वाढला, तर तो आय मध्ये नाहीच. तो ओ अक्षराच्या, म्हणजे गर्भारपण व बाळंतपणाच्या प्रकरणात जातो. आणि डोळ्याच्या आतील द्रवाचा दाब वाढला, तर? इंग्रजीत त्यालाही 'हायपरटेन्शन'च म्हणतात, पण रक्तदाबाशी त्याचा तसा संबंध नाही. तो एच ४०.० मध्ये, काचबिंदूच्या संशयितांत बसतो. 'डोळ्याचे प्रेशर' आणि 'ब्लडप्रेशर' यांची गल्लत आपल्याकडे रुग्णच नव्हे, तर घाईत नोंद करणारेही करतात. शब्दावरून घर शोधू नये, अर्थावरून शोधावे.

मग आपल्या गृहस्थांचे काय?

त्यांच्या दृष्टिपटलाच्या विकाराचे घर एच ३५.० हे आहे. एच ३५ म्हणजे दृष्टिपटलाचे इतर विकार आणि त्यातील ० म्हणजे त्याच्या रक्तवाहिन्यांतील बदल. इकडे आय १० च्या खाली एक सूचना छापलेली आहे: डोळ्याच्या रक्तवाहिन्यांचा सहभाग येथे धरू नये, त्यासाठी एच ३५.० पाहा. हीच ती ग्रंथपालांची चिठ्ठी.

पण या चिठ्ठीचा चुकीचा अर्थ लावणे सोपे आहे. 'येथे धरू नये' म्हणजे त्या माणसाच्या रक्तदाबाची नोंदच करू नये, असे नव्हे. डोळ्यातील बिघाड एच ३५.० मध्ये आणि रक्तदाब आय १० मध्ये, अशा दोन्ही नोंदी केल्या तरच चित्र पुरे होते. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून दहाव्या आवृत्तीचे जे विस्तारित रूप वापरात आले, त्यात ही संदिग्धता दूर केली आहे. तेथे वगळण्याच्या सूचना दोन प्रकारच्या आहेत. पहिल्या प्रकारात दोन संकेतांक एकत्र देताच येत नाहीत. दुसऱ्या प्रकारात 'हे त्यात मोडत नाही, पण दोन्ही असतील तर दोन्ही द्या' असा अर्थ असतो. आपली सूचना या दुसऱ्या प्रकारातली आहे. शिवाय तेथे एच ३५.० पाशी रक्तदाबाचाही संकेतांक द्यावा असे सांगितले आहे. त्या रूपात डोळा कोणता हेही लिहिता येते: एच ३५.०३१ उजवा, एच ३५.०३२ डावा, एच ३५.०३३ दोन्ही.

मधुमेहाशी तुलना केली, तर फरक कळतो. मधुमेहाने दृष्टिपटल बिघडले, तर दहाव्या आवृत्तीत दोन संकेतांकांची जोडी ठरलेलीच आहे. मूळ रोगासाठी कट्यारीचे चिन्ह असलेला (उदाहरणार्थ ई ११.३) आणि त्याच्या डोळ्यातील आविष्कारासाठी तारांकित (एच ३६.०). एक लिहिला, की दुसऱ्याची आठवण होते. रक्तदाबाने हृदय बिघडले तर आय ११, मूत्रपिंड बिघडले तर आय १२, दोन्ही बिघडले तर आय १३ अशी खास घरे आहेत. डोळ्यासाठी मात्र रक्तदाबाच्या ओळीत घर नाही. त्यामुळे नेत्रविभागात नोंद करणाऱ्याने फक्त एच ३५.० लिहिला, तर तो माणूस 'डोळ्याचा रुग्ण' म्हणून मोजला जातो. ज्या रोगामुळे उद्या त्याला पक्षाघात होऊ शकतो, तो आकडेवारीत येतच नाही.

आणखी एक उणीव आहे. वर सांगितलेल्या चार पायऱ्यांपैकी रुग्ण कोणत्या पायरीवर आहे, हे एच ३५.० वरून कळत नाही. किंचित आकसलेली रोहिणी आणि रक्ताचे ठिपके, दोन्हींना संकेतांक तोच. चकती सुजली असेल तर तिच्यासाठी एच ४७.१ हे वेगळे घर आहे, पण ते आठवणीने लिहावे लागते. म्हणून संकेतांक हा केसपेपरला पर्याय नाही. शंभर विद्यार्थ्यांच्या प्रगतिपुस्तकांवरून 'उत्तीर्ण ८२' एवढे लिहावे, तसा तो सारांश आहे. मुख्याध्यापकांना तो पुरतो, वर्गशिक्षकांना नाही.

मृत्यूच्या दाखल्यात हरवणारा रक्तदाब

आपल्या देशात १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याखाली डॉक्टरांनी मृत्यूचे कारण प्रमाणित करण्याची पद्धत आहे. रुग्णालयातील मृत्यूसाठी नमुना ४, बाहेरच्या मृत्यूसाठी नमुना ४ अ. त्यात कारणांची साखळी लिहितात: प्रत्यक्ष मृत्यू कशाने झाला, ते कशामुळे झाले, आणि तेही कशामुळे. साखळीच्या मुळाशी जे कारण, ते आकडेवारीत जाते.

समजा, डॉक्टरांनी लिहिले: मेंदूतील रक्तस्राव, त्याचे कारण उच्च रक्तदाब. साखळीच्या मुळाशी आय १० आहे. पण वर्गीकरणाचा नियम सांगतो, की आय १० बरोबर मेंदूच्या रक्तवाहिन्यांचा रोग लिहिलेला असेल, तर दोहोंची सांगड घालून मेंदूच्या रोगाचा संकेतांक घ्यावा. हेतू चांगला आहे. 'रक्तदाब' या मोघम शब्दापेक्षा 'मेंदूतील रक्तस्राव' ही अधिक नेमकी माहिती आहे. परिणाम मात्र असा, की मृत्यूच्या तक्त्यात रक्तदाबाच्या ओळीतील आकडा लहान दिसतो. वाचणाऱ्याला वाटते, रक्तदाबाने फारसे कोणी मरत नाही. प्रत्यक्षात राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९–२१) १५ वर्षांवरील सुमारे २१ टक्के स्त्रिया आणि २४ टक्के पुरुष उच्च रक्तदाबाचे आढळले होते. त्या तक्त्यात रक्तदाब पक्षाघाताच्या आणि हृदयविकाराच्या ओळींत लपलेला असतो.

शिवाय ही साखळी डॉक्टरांनी लिहिली तरच उपयोगी. २०२० च्या अहवालानुसार देशात नोंदलेल्या मृत्यूंपैकी जेमतेम एक पंचमांशाहून थोड्या अधिक मृत्यूंचे कारण वैद्यकीयदृष्ट्या प्रमाणित झाले होते. 'हृदयक्रिया बंद पडून मृत्यू' असे लिहिलेले दाखले तर निरुपयोगीच. हृदय प्रत्येकाचेच शेवटी बंद पडते.

अकरावी आवृत्ती

अकराव्या आवृत्तीला मे २०१९ मध्ये मान्यता मिळाली आणि १ जानेवारी २०२२ पासून ती अमलात आली. प्रत्येक देश आपल्या सोयीने तिच्याकडे वळत आहे. ती मुळातच संगणकासाठी रचलेली आहे. तिच्यातील सुधारणा पाहण्यासारख्या आहेत. आय हे अक्षर एक या अंकासारखे आणि ओ हे शून्यासारखे दिसते. हाताने लिहिताना आय १० चा ११० होऊ शकतो. म्हणून ही दोन्ही अक्षरे संकेतांकांतून वगळली. प्राथमिक उच्च रक्तदाब आता बीए ०० झाला. एक मूळ संकेतांक घेऊन त्याला उजवा-डावा, सौम्य-तीव्र असे पूरक संकेतांक जोडता येतात, आणि दोन मूळ संकेतांक तिरप्या रेषेने एकत्र बांधता येतात. म्हणजे डोळ्यातील बिघाड आणि रक्तदाब हे सुटे न राहता एका दोरीत ओवता येतात. पुस्तक एकच, पण आता त्याला दोन कपाटांत जागा आहे. जानेवारी २०२४ मध्ये आयुर्वेद, सिद्ध व युनानी निदानांचा विभागही या यादीला जोडला गेला.

अर्थात यादी कितीही चांगली असली, तरी आधी रोग सापडायला हवा. आपल्याकडे पुष्कळांचा नेत्रतपासणीशी पहिला संबंध येतो तो चाळिशीच्या चष्म्यासाठी. शिक्षकांना तो चुकत नाही. त्या वेळी केवळ नंबर काढून न थांबता, बाहुली मोठी करून पडदा तपासून घ्यावा आणि रक्तदाबही मोजून घ्यावा. फळ्यावरचे अक्षर नीट दिसते म्हणून पडदा निरोगी आहे, असे होत नाही.

वर्गात करून पाहा

हजेरीपटातून महिनाभराच्या गैरहजेरीची कारणे नावे न घालता चिठ्ठ्यांवर लिहा: ताप, बहिणीचे लग्न, एस.टी. चुकली, पोटदुखी, पेरणी, पाऊस, आजी आजारी, गणवेश वाळला नाही. वर्गाचे दोन गट करा. प्रत्येक गटाने स्वतंत्रपणे जास्तीत जास्त सहा घरे पाडावीत. अट एकच: प्रत्येक चिठ्ठीला घर मिळाले पाहिजे आणि एकच मिळाले पाहिजे. मग दोन्ही गटांचे तक्ते शेजारी लावा. 'पावसाने ओढ्याला पूर आला, म्हणून एस.टी. आली नाही' ही चिठ्ठी एका गटाने हवामानात आणि दुसऱ्याने वाहतुकीत टाकलेली दिसेल. कोणाचे बरोबर, यावर वाद होऊ द्या. मग विचारा: ओढ्यावर पूल बांधायचा की नाही हे ठरवणाऱ्याला कोणता तक्ता उपयोगी पडेल? शेवटी दोन्ही गटांच्या 'इतर' या घरातील चिठ्ठ्या मोजा. तो आकडा फार मोठा असेल, तर घरे पुन्हा पाडायला सांगा.